छोटे साहेब हरवले

१

जेवणाची सुट्टी संपून सगळे पुन्हा शेडमध्ये जमले, तेव्हा छोटे साहेब जागेवर नव्हते.

अंबरनाथच्या औद्योगिक वसाहतीत एक कारखाना बंद पडला होता. त्याची रिकामी शेड मालिकेच्या चित्रीकरणासाठी भाड्याने घेतली होती. आत जुन्या खेड्यातलं एक घर उभं केलं होतं. ओटी, चूल, कोनाडे सगळं प्लायवुडचं, पण कॅमेऱ्यातून पाहिलं की अस्सल वाटायचं. १९८९ची दिवाळी नुकतीच झाली होती. मालिका होती वरखडे साहेबांच्या बालपणावर. डोंगरातल्या एका वाडीत जन्मलेला मुलगा पुढे सगळ्या देशाचा नेता झाला, त्याची ही गोष्ट. तो मुलगा साकारत होता देऊ. बारवी धरणाच्या अंगाला असलेल्या एका आदिवासी ठाकूरवाडीतलं हे पोर, आठ-नऊ वर्षांचं. बारीक कापलेले केस, मोठे डोळे आणि एकदा ऐकलेलं वाक्य न विसरणारी जीभ. युनिटमधली सगळी माणसं देऊला 'छोटे साहेब' म्हणत.

आधी वाटलं, कुठेतरी खेळत असेल. मग दिग्दर्शक बेंद्रे स्वतः हाका मारत फिरले. शेड पाहिली, मागचं पटांगण पाहिलं, पाण्याची टाकीसुद्धा काठी घालून पाहिली. देऊचा बाप नवसू रोज लेकरासोबत जीपमधून यायचा आणि दिवसभर भिंतीला टेकून बसायचा. तो आता वेड्यासारखा या टोकापासून त्या टोकापर्यंत पळत होता.

कपडेपटाच्या पडद्यामागे एक गोष्ट सापडली. सकाळी देऊने घातलेलं छोट्या साहेबांचं धोतर, बंडी आणि टोपी तिथे नीट घडी करून ठेवलेली होती. बेंद्रेंना जरा हायसं वाटलं. पोराने घरचे कपडे घातले असतील, बाहेर कुठेतरी गेलं असेल, असं ते म्हणाले.

तेवढ्यात कुणीतरी खुंटीकडे बोट दाखवलं. देऊची घरून घालून आलेली खाकी चड्डी आणि सदरा खुंटीवर तसाच लटकत होता.

२

फौजदार कुंदा घरत आल्या तेव्हा तीन वाजून गेले होते. कुंदाबाई मूळच्या चिखलोलीच्या, आगरी घरातल्या. आवाज कधी चढवत नसत. समोरचा बोलायचा थांबला तरी त्या गप्पच राहत, आणि मग समोरच्याला आणखी काहीतरी बोलावंच लागे.

शेडभोवती उंच भिंत होती आणि भिंतीवर काचा लावलेल्या होत्या. बाहेर जायला एकच गेट. गेटवरचा वॉचमन बारकू जेवणाच्या सुट्टीतही जागचा हलला नव्हता. त्याने देवाशपथ सांगितलं की मुलगा बाहेर गेलेला नाही. मग कोण कोण गेलं, असं बाईंनी विचारलं. बारकूने आठवून सांगितलं. बर्फाची हातगाडी घेऊन आला तो माणूस गेला, गाडी रिकामी होती. जेवणवाल्या बाया टोपली डोक्यावर घेऊन गेल्या, त्यांच्या मागे त्यांची पोरगी गेली. प्रॉडक्शनचा जयदेव जीप घेऊन गेला, पण तो पोराला शोधायलाच गेला होता आणि जीप बारकूने आतून पाहिली होती.

"मुलगा नाय गेला, मॅडम. चिमणीएवढा असता तरी दिसला असता," बारकू म्हणाला.

जयदेव अंबरनाथचाच. जागा, जीप, जेवण, सगळी व्यवस्था त्याच्याकडे होती. देऊची थोरली बहीण बाळी आणि तिचा नवरा चिखलोलीला एका इमारतीच्या कामावर मजूर आहेत, हे त्याला ठाऊक होतं. म्हणून पोर हरवल्याबरोबर तो जीप घेऊन आधी तिथे गेला. मुलगा आला का, म्हणून त्याने बाळीला विचारलं. नाही आला, असं ती म्हणाली. आला तसा तो परतला.

मग जयदेवने दुसरं नाव पुढे केलं. वरखडे साहेबांच्या पक्षाचा कमळाकर नावाचा कार्यकर्ता दोन दिवस गेटवर येऊन वाद घालत होता. मालिकेत साहेब लहानपणी पेरू चोरताना दाखवले, हे त्याला खपत नव्हतं. हे शूटिंग मी होऊ देणार नाही, असं तो सगळ्यांदेखत म्हणाला होता. आज सकाळीही तो गेटबाहेर उभा होता. दुपारपासून मात्र कुणालाच दिसला नव्हता. घरीही नव्हता.

नवसू बाईंसमोर हात जोडून उभा राहिला. 

"पोरगं माझं कधी एकटं कुठं जात नाय, बाई," तो म्हणाला. "ते लई भित्रं हाय."

त्याला पोहता येतं का, असं बाईंनी विचारलं. जवळच दगडाच्या जुन्या खाणीत पाणी साचलेलं होतं.

"येतं. बारवीच्या पाण्यातच वाढलंय ते."

बाई थोडा वेळ त्याच्याकडे पाहत राहिल्या. नवसूने मान खाली घातली. पण यावेळी गप्प राहूनही त्यांना काही मिळालं नाही.

तेवढ्यात गेटवर गलका झाला. दोन शिपायांनी कमळाकरला धरून आणलं होतं. तो छातीपर्यंत भिजलेला होता, आणि त्याच्या कपड्यांना खाणीतला हिरवा चिखल लागलेला होता.

३

नवसूने तो चिखल पाहिला आणि मटकन खाली बसला.

बाईंनी कमळाकरला आत नेऊन खुर्चीवर बसवलं, पाणी दिलं. तो चिडला नव्हता. थकला होता. दुपारी चहाच्या टपरीवर बसलो असताना मुलगा हरवल्याचं कानावर आलं, असं त्याने सांगितलं. त्याच्या लहानपणी त्याचा एक मित्र त्याच खाणीत बुडाला होता. खाणीशिवाय दुसरं काही त्याच्या मनात आलंच नाही. तो सरळ पाण्यात उतरला आणि काठापासून मधोमधपर्यंत पायांनी चाचपत राहिला.

"कुणाला सांगितलं का नाहीत?" बाईंनी विचारलं.

"सांगितलं असतं तर म्हणाले असते, यानेच ढकलला. तरी म्हणतातच आहेत."

खाणीत काही लागलं का, हे विचारायची बाईंना भीती वाटत होती. कमळाकरने स्वतःच सांगितलं की काही नाही. पाणी ओसरलंय, मधोमधही छातीच्या वर नाही, त्याने सगळं चाचपलं होतं. टपरीवाल्याने आणि खाणीजवळच्या दोन मजुरांनी त्याचं म्हणणं खरं ठरवलं. बाईंनी त्याच्या अंगावर टाकायला एक चादर मागवली.

आता राहिला जयदेव. बेंद्रेंनी बाजूला घेऊन सांगितलं की या भूमिकेसाठी जयदेवने आधी स्वतःच्या भाच्याला आणलं होतं. भाचा कॅमेऱ्यासमोर बोलेना. मग एक दिवस बारवीकडे जागा बघायला गेले असताना बेंद्रेंना म्हशींच्या मागे धावणारा देऊ दिसला आणि तिथेच निवड झाली. जयदेवला ते झोंबलं होतं. बाईंनी विचारलं तेव्हा त्याने नाकारलं नाही. पण भाचा आता कोल्हापूरला आजोळी गेलाय, त्याला परत आणायचंही माझ्या मनात नाही, असं तो म्हणाला. पोरगा गुणी आहे, मलाही आता त्याचीच सवय झालीय. हे सांगताना त्याने डोळे पुसले, आणि ते खोटं वाटलं नाही.

युनिटमध्ये कुजबुज मात्र वाढत होती. बापानेच लपवला असेल, असं कुणीतरी बोललं. नवसूने ते ऐकलं.

बाई पुन्हा कपडेपटाकडे गेल्या. तिथे ईश्वरीबाई होत्या. उल्हासनगरच्या सिंधी बाई. मालिकेतले सगळे कपडे त्यांनीच तिथल्या कॅम्प वस्तीतल्या शिंप्यांकडून शिवून आणले होते. त्या हिंदी आणि मराठी एकत्र कालवून बोलत. त्यांनी सांगितलं की देऊ फार शर्मीला पोरगा. कपडे बदलताना कुणाला जवळ येऊ द्यायचा नाही. पडद्यामागे एकटाच बदलायचा. त्या कौतुकाने म्हणायच्या, बघा, केवढा संस्कारी.

कपड्यांच्या पेटीतलं काही गेलंय का, असं बाईंनी विचारलं.

"नहीं मॅडम, सब बराबर है. मेरा सामान कधी हलत नाही," ईश्वरीबाई चटकन म्हणाल्या. फारच चटकन.

पलीकडे चिमी नावाची मुलगी रुसून बसली होती. मालिकेत साहेबांच्या बहिणीचं काम करणारी. कुंदाबाई तिच्याशेजारी जाऊन बसल्या आणि काय झालं म्हणून विचारलं. चिमीला देऊची काळजी होतीच, पण तिचं स्वतःचंही एक दुःख होतं. पुढच्या प्रसंगात तिला निळा परकर-पोलका घालायचा होता. आईने सकाळी स्वतः इस्त्री करून पेटीत ठेवला होता.

"आता तो नाहीये," चिमी म्हणाली. "ईश्वरी आंटी म्हणतात, कुणाला सांगू नको."

४

ईश्वरीबाई रडायला लागल्या. याआधी दोनदा वस्तू हरवल्याचा ठपका त्यांच्यावर आला होता. आता परकर गेला म्हटलं की त्यांना काढूनच टाकतील, या धास्तीने त्या गप्प राहिल्या. परकर दुपारीच गेला, जेवणाच्या वेळी. पण हरवलेल्या मुलाचा आणि परकराचा काय संबंध, असं त्या डोळे पुसत म्हणाल्या.

बाई तिथून निघाल्या. मागच्या नळावर परत आलेल्या जेवणवाल्या जनाबाई संध्याकाळच्या चहाची भांडी घासत होत्या. त्यांच्याकडे जाऊन त्यांनी एवढंच विचारलं की दुपारी तुमच्यासोबत कोणाची पोरगी होती.

जनाबाईंनी राखेचा हात थांबवला. आम्ही तिघी बाया, आमच्यात पोरगी कुठली, असं त्या म्हणाल्या.

मग कुंदाबाईंनी बेंद्रेंना विचारलं की आज जेवणाच्या आधी तुम्ही देऊला काय सांगितलं होतं. बेंद्रेंना आठवलं. उद्या सकाळी बारवीच्या पाण्यात चित्रीकरण होतं. छोटे साहेब लंगोटी लावून पाण्यात उडी मारतात, असा प्रसंग. देऊला त्यांनी तो समजावून सांगितला होता. पोर एकदम पांढरं पडलं होतं. त्यांना वाटलं, पाण्याला घाबरला.

"बारवीच्या पाण्यात वाढलेलं पोर पाण्याला कशाला घाबरेल?" कुंदाबाई म्हणाल्या.

त्या नवसूला घेऊन शेडच्या मागे गेल्या. तिथे एका लाकडी खोक्यावर त्याला बसवलं आणि स्वतः समोर उकिडव्या बसल्या.

"नवसूदादा, दुपारपासून सगळे म्हणतायत, तो गेला, तो आला, तो कुठंय. तुम्ही एकदाही 'तो' म्हणाला नाहीत. तुम्ही म्हणता, पोरगं एकटं जात नाही, ते भित्रं आहे, ते पाण्यात वाढलंय. खोटं बोलायचं नव्हतं आणि खरं सांगवत नव्हतं, म्हणून ना? तिचं नाव काय?"

नवसूने तोंडावर दोन्ही हात घेतले.

"राही," तो म्हणाला.

मग सगळं बाहेर आलं. उन्हाळ्यात राहीला विषमज्वर झाला होता. केस गळायला लागले म्हणून आई पुतळीने ते बारीक कापले. त्यातच बेंद्रे वाडीवर आले. म्हशींमागे धावणारं पोर बघून त्यांनी विचारलं, मुलाचं नाव काय. मुलगाच हवा होता त्यांना. राही बापाकडे बघत होती, तिचे डोळे चमकत होते, आणि नवसूच्या तोंडातून 'देऊ' हे नाव निघून गेलं. त्याच्या मेलेल्या भावाचं नाव. कानाला भोकं होती, पण ती वाडीवर पोरांच्याही कानाला असतात. कुणाला शंका आली नाही. उद्या सांगू, परवा सांगू, असं करत दिवस गेले. राही खूष होती. घरी आली की सगळ्या वाडीला साहेबांची वाक्यं म्हणून दाखवायची.

"दुपारीच का नाही सांगितलंत?"

"कंपनीला फसवलं तर तुरुंगात घालतील, असं कुणीतरी बोलला होता. मला तुरुंगाचं काय नाय, बाई. पण खोटं बोलणाऱ्याचं पोर कोण शोधंल? मी म्हटलं, आधी शोधू दे. मिळालं की सांगीन."

कुंदाबाई उठल्या. बारकूला मुलगा विचारला होता, त्याने मुलगा गेला नाही म्हणून सांगितलं. ते खरंच होतं. त्याच्या समोरून परकर नेसलेली मुलगी गेली, तिला त्याने पाहिलंही, फक्त ती जेवणवाल्या बायांची समजून. अंगावरचे कपडे काढून राहीने चिमीचा परकर घातला होता, डोक्यावर ओढणीसारखं काहीतरी घेतलं असणार, आणि बायांच्या मागोमाग ती निघून गेली होती. कुणी पळवली नव्हती. ती स्वतःच्या पायांनी गेली होती.

"बाळीकडे तर जयदेव जाऊन आला," नवसू म्हणाला. "तिथंबी नाय."

"जयदेवने काय विचारलं होतं?" कुंदाबाईंनी विचारलं, आणि जीपकडे चालू लागल्या.

५

चिखलोलीला पोचले तेव्हा ऊन उतरलं होतं. रेल्वेच्या रुळांपलीकडे भाताची शेतं कापून झाली होती, आणि त्यांच्या कडेला ती एकटीच अर्धवट इमारत उभी होती. कुंदाबाईंनी जीप लांब थांबवली. बरोबर फक्त नवसूला घेतलं.

बाळी पत्र्याच्या खोपटाबाहेर चूल पेटवत होती. खाकी साडी आणि टोपी बघून ती उभी राहिली. दारात आडवी उभी राहिली. मग तिला मागचा बाप दिसला, पण ती हलली नाही.

"बाळी," कुंदाबाई म्हणाल्या, "राही आहे का?"

बाळीने त्यांच्याकडे नीट पाहिलं. मग बाजूला झाली.

"दुपारी तो जीपवाला भाऊ आला, पोरगा आलाय का म्हणून इचारलं. मी म्हटलं, पोरगा नाय आला. खोटं नाय बोलली मी."

आत साडीच्या झोळीत बाळीचं तान्हं झोपलेलं होतं आणि निळ्या परकरातली राही त्याला झोका देत बसली होती. नवसू दारातच थांबला. त्याला पुढे जाता येईना. राहीने वर पाहिलं, झोळीची दोरी सोडली आणि पळत येऊन बापाच्या पोटात डोकं खुपसलं.  नवसू तिच्या बारीक केसांवरून हात फिरवत राहिला. फिरवतच राहिला.

बऱ्याच वेळाने कुंदाबाईंनी राहीला जवळ घेऊन विचारलं की तू न सांगता का निघालीस.

राहीने सगळा विचार करून ठेवला होता. उद्या पाण्याजवळ सगळ्यांना कळलं असतं आणि बाबाला पकडून नेलं असतं. पण देऊच हरवला तर काय कळणार? देऊ नाही, तर खोटं पण नाही. काही दिवस बाळीकडे राहायचं, तोवर केस वाढतील, मग राही म्हणून घरी जायचं.

"आणि बाबा रडला असता त्याचं काय?" कुंदाबाई म्हणाल्या.

हे मात्र राहीच्या हिशेबात आलं नव्हतं. तिने बापाकडे पाहिलं आणि तिचा चेहरा वाकडा झाला. मग ती दिवसभराचं रडली.

बाळीने चहा ठेवला. कुंदाबाईंनी कपबशी हातात घेतली तेव्हा कुठे त्यांना कळलं की दुपारपासून आपण पाणीसुद्धा प्यायलेलं नाही. त्या तिथेच विटांच्या ढिगावर टेकल्या आणि तो गूळ जास्त झालेला चहा त्यांनी अगदी तळापर्यंत प्यायला.

६

जीप शेडच्या गेटातून आत शिरली तेव्हा दिवे लागले होते आणि कुणीही घरी गेलेलं नव्हतं. परकरातली मुलगी बापाचा हात धरून उतरली. क्षणभर कुणाला काही समजलं नाही. मग चिमी म्हणाली, माझा परकर, आणि मग सगळ्यांना समजलं. ईश्वरीबाईंनी धावत जाऊन राहीला उचलून घेतलं आणि सिंधीत काय काय बोलत तिच्या दोन्ही गालांचे मुके घेतले.

कुंदाबाईंनी थोडक्यात सगळं सांगितलं. बेंद्रे चष्मा काढून बसून राहिले. त्यांना राग यायला हवा होता, पण तो येईना. एवढे दिवस हे पोर त्यांच्यासमोर उभं होतं आणि कॅमेऱ्यातून त्यांनी त्याचा चेहरा इतक्या जवळून पाहिला होता. आता काय करायचं, असं त्यांनी स्वतःलाच विचारलं. अर्धी मालिका चित्रित झाली होती.

सगळ्यांच्या नजरा कमळाकरकडे वळल्या. साहेबांचं काम एका मुलीने केलं, हे कळल्यावर हा माणूस उद्या शंभर जणांना घेऊन गेटवर येईल, असं प्रत्येकाला वाटलं. कमळाकर चादर गुंडाळून कोपऱ्यात बसला होता. तो उठून राहीपाशी आला.

"दुपारी मी त्या पाण्यात पाय टाकत होतो, तेव्हा एकच म्हणत होतो की काही लागू नये," तो म्हणाला. "पोर जिवंत आहे. मला दुसरं काही बोलायचं नाही."

थोडं थांबून तो पुढे म्हणाला, पेरू चोरायचं तेवढं बघा. बेंद्रे म्हणाले, ते राहणार. कमळाकर म्हणाला, मग राहू द्या.

राहीला काय हवंय, हे कुंदाबाईंनी तिलाच विचारायला लावलं. ती म्हणाली की मी सगळं करीन, पाण्यातलं सोडून. बेंद्रेंनी पाण्याचा प्रसंग काढून टाकला. साहेबांना पोहता येत होतं की नाही यावाचून देशाचं काही अडलं नव्हतं, असं ते म्हणाले. नवसूने दोनदा माफी मागितली. तिसऱ्यांदा मागायला लागला तेव्हा जयदेवने त्याला जेवायला नेलं.

मालिका उन्हाळ्याच्या तोंडाशी लागली. वाडीवर वीज नव्हती. कुंदाबाईंच्या भावाने चिखलोलीच्या घरात टीव्ही होता तो ओट्यावर आणून ठेवला, आणि जयदेवने वाडीच्या माणसांसाठी टेम्पो पाठवला. अंगण भरून गेलं. पुतळी पहिल्यांदाच टीव्ही बघत होती. ती मागे बसली, लांबून बरं दिसतं म्हणून.

छोट्या साहेबांचा बाप मरतो, तो भाग होता. प्लायवुडच्या त्या ओटीवर तो बारीक केसांचा मुलगा एकटा बसला होता. आत माणसं बापाला न्यायची तयारी करत होती. मुलगा आधी गप्प होता. मग त्याला रडू फुटलं. बाबा, बाबा म्हणून तो रडायला लागला, आणि अंगणातल्या बायांनी पदर डोळ्यांना लावले.

नवसू पुढे बसला होता. राही त्याच्या मांडीवर होती, केस आता कानांवर आलेली. तो टीव्हीकडे बघत होता. मग तो हळूच पुढे झुकला आणि काचेवर हात ठेवला.

"रडू नको," तो म्हणाला. "मी हाय ना."

"बाबा, मी इथं हाय," राही म्हणाली. "ते नाटक हाय."

"म्हाईत हाय मला," नवसू म्हणाला. पण मुलगा रडायचा थांबेपर्यंत त्याने काचेवरचा हात काढला नाही.